आपल्याच गल्लीत, आपल्याच नावाने: माहितीपटात दिसणाऱ्या मुलांविषयी वाचकांचे प्रश्न

नाशिकच्या सातपूर, वडाळा गाव, पंचवटी, नाशिकरोड अशा भागांतून आलेल्या पत्रांत या वेळी एकच विषय पुन्हा पुन्हा आला. हातातल्या फोनवरही आता माहितीपट होतो. त्यामुळे कॉलेजची मुलं, संस्था, बाहेरगावचे दिग्दर्शक असे सगळेच कॅमेरा घेऊन वस्तीत येतात. तिथली मुलंमुली या माहितीपटांत कुणाची भूमिका करत नाहीत. नाव खरं, घर खरं, बोललेलंही खरं. नाटक संपल्यावर नट तोंडावरचा रंग पुसतो, तशी सोय त्यांना नाही. माहितीपट संपला तरी ती त्याच गल्लीत राहतात. आलेल्यांपैकी आठ प्रश्न इथे घेतले आहेत.

प्रश्न: मी सतरा वर्षांची आहे, बारावीत शिकते. आमच्या वस्तीत एका कॉलेजची मुलं माहितीपट करायला येतात. मला आणि माझ्या दोन मैत्रिणींना त्यात घेणार आहेत. परवा त्यांनी एक इंग्रजी कागद आणला आणि "फॉर्मॅलिटी आहे, इथे सही कर" म्हणाले. आईला वाचता येत नाही. सही करू का? (सातपूर)

उत्तर: त्याच दिवशी तर अजिबात नको. कागद आणि शूटिंग एकदमच समोर आलं की नाही म्हणणं जड जातं. कॅमेरा लावलेला असतो, चहा झालेला असतो, सगळे आपल्यासाठी खोळंबलेले असतात. "कागद ठेवून जा, रविवारी सांगते," एवढं म्हणायला काही हरकत नाही. तेवढंही ज्यांना चालत नाही, त्यांच्यासोबत पुढचे सहा महिने काम करणं कठीण जाईल.

तू अठराच्या आतली आहेस. १८७२ च्या भारतीय करार कायद्याच्या ११ व्या कलमानुसार सज्ञान नसलेल्या व्यक्तीला करार करता येत नाही, म्हणून तुझ्या एकटीच्या सहीवर त्यांचं भागणार नाही. आईची किंवा वडिलांची सही लागेल. डिजिटल वैयक्तिक माहितीसाठी २०२३ साली झालेल्या कायद्यानेही अठराखालच्या व्यक्तीला मूलच मानलं आहे आणि पालकांची पडताळून पाहता येईल अशी संमती मागितली आहे. पण आईने हो म्हटलं म्हणून तुझा होकार गृहीत धरू द्यायचा नाही. तुझ्या होकारासाठी कागदावर वेगळी ओळ हवी.

कागद मराठीत मागा. त्यांच्यापैकी कुणीतरी तो आईसमोर मोठ्याने वाचून दाखवावा, आणि मग आईने काय समजलं ते आपल्या शब्दांत सांगावं. आई म्हणाली "कॉलेजच्या अभ्यासासाठी आहे" आणि कागदात "जगभर, सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी" असं लिहिलेलं असेल, तर गडबड तिथल्या तिथे उघड होते. हे सगळं बोलणं फोनवर रेकॉर्ड करून दोन्ही बाजूंनी ठेवा.

आता कागदात काय बघायचं ते सांगतो. जबाबदार माणसाचं नाव आणि फोन नंबर. माहितीपट कशावर आहे ते साध्या दोन वाक्यांत. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे तो कुठे दाखवणार. ही गोष्ट नेहमी एका लांब वाक्यात गुंडाळलेली असते, ती सोडवून घे. कॉलेजातला खेळ, महोत्सव, टीव्ही, यूट्यूब, इन्स्टाग्रामचे रील्स, पोस्टर, देणग्या मागताना दाखवायचा व्हिडिओ, अशी प्रत्येकाची वेगळी ओळ आणि प्रत्येकापुढे हो किंवा नाही. महोत्सवाला खुशीने हो म्हणणारी मुलं पोस्टरपाशी अडकतात. तीस मिनिटांच्या माहितीपटात चेहऱ्याच्या पुढेमागे बाकीचं आयुष्य असतं. पोस्टरवर फक्त चेहरा उरतो आणि त्याखाली दुसऱ्याने लिहिलेली ओळ.

माघार कधीपर्यंत घेता येईल, हेही लिहिलेलं असावं. रास्त मुदत म्हणजे संकलन (चित्रीकरणाचे तुकडे कापून जोडण्याचं काम) पक्कं होईपर्यंत, आणि त्याआधी कच्चं संकलन तुम्हाला दाखवल्यावर किमान सात दिवस. "कोणत्याही हेतूसाठी" आणि "कोणतीही हरकत न घेता" असे शब्द दिसले तर त्यांवर आडवी रेघ मारा आणि बाजूला दोन्हीकडच्यांनी छोटी सही करा. शेवटी प्रत्येक पानाचा फोटो काढून ठेव. प्रत नंतर देतो म्हणणारे बहुधा विसरतात.

प्रश्न: आम्ही चौघं पंचवटीतल्या एका वस्तीतल्या १८ ते २२ वयाच्या मुलांवर माहितीपट करतो आहोत. एरवी धमाल करणारी ही पोरं कॅमेरा लावला की ताठ बसतात आणि "आमची परिस्थिती फार बिकट आहे" असं छापील बोलू लागतात. काय चुकतं आहे? (गंगापूर रोड)

उत्तर: ही भाषा त्यांना वस्तीत आलेल्या पाहुण्यांनीच शिकवली आहे. सर्वेक्षणवाले येतात, निवडणुकीत उमेदवार येतात, संस्थावाले येतात, आणि सगळ्यांचा पहिला प्रश्न "तुमच्या समस्या काय?" हाच असतो. पाहुण्याला काय हवं ते मुलांना पाठ झालेलं आहे. तुमचा पहिला प्रश्नही तोच असेल, तर उत्तर बदलणार नाही.

पहिल्या तीन भेटी कॅमेऱ्याशिवाय करा. चौथ्या भेटीत कॅमेरा त्यांच्या हातात द्या. त्यांना हेडफोन लावू द्या, एकमेकांचं शूटिंग करू द्या, लगेच बघू द्या. आपला चेहरा पडद्यावर कसा दिसतो आणि आवाज कसा येतो, हे कळलं की निम्मा ताठपणा जातो. हे फुटेज वापरणार नाही असं आधीच सांगा आणि शब्द पाळा.

मुलाखतीने सुरुवात करू नका. आधी हातांना काम असलेले प्रसंग घ्या: गाडीची चेन घट्ट करणं, ढोल ताणणं, भाकरी थापणं, बुधवारच्या बाजारात गंगेवर, म्हणजे गोदाघाटावर, माल मांडणं. हात कामात गुंतले की जीभ आपोआप सैल होते. मग विचारा, पण घडलेलं विचारा. "काल संध्याकाळी सहा ते नऊ काय केलंस?" या प्रश्नाला छापील उत्तर नसतं. "पहिला पगार कुठे खर्च झाला?" "या गल्लीत अभ्यासाला जागा कुठे सापडते?" उत्तर संपलं असं वाटल्यावर मनात पाच आकडे मोजा आणि तोवर गप्प राहा. खरी गोष्ट पुष्कळदा त्या शांततेनंतर येते. तुमचा आवाज माहितीपटात ठेवायचा नसेल, तर उत्तर पूर्ण वाक्यात द्यायला आधीच सांगा. नाहीतर संकलनाला बसल्यावर हातात नुसतं "हो, सहा वर्षं झाली" एवढंच असतं आणि कशाला झाली ते कुठेच नसतं.

एक गोष्ट लहान दिसते, पण तिने सगळं बदलतं. वस्तीतल्या घरात माणसं जमिनीवर बसतात. तुमचा ट्रायपॉड मात्र उभ्या माणसाच्या उंचीला लावलेला असतो. मग दीड तास त्या मुलाचं बोलणं वरून खाली पाहिलेलं दिसतं: कपाळ मोठं, डोळे वर केलेले, खांदे लहान, मागे फक्त फरशी. तो कितीही ताठ मानेने बोलला तरी चित्रात अर्जदारच वाटतो. ट्रायपॉडचे पाय पूर्ण पसरा किंवा फोन दोन विटांवर ठेवा, भिंग त्याच्या डोळ्यांच्या रेषेत आणा आणि तुम्हीही खाली बसा. प्रश्न विचारणाऱ्याचा चेहरा भिंगाच्या अगदी शेजारी हवा, म्हणजे नजर बाजूला पळत नाही.

फोनवर शूटिंग असेल तर आधी ब्यूटी मोड बंद करा. बऱ्याच फोनमध्ये सेल्फी कॅमेऱ्याला तो सुरूच असतो आणि सावळा रंग परस्पर उजळवतो. जो माणूस स्वतः म्हणून समोर बसला आहे, त्याचा रंग बदलण्याचा आपल्याला अधिकार नाही. मागे पांढरी भिंत किंवा चकाकणारा पत्रा असला की फोन त्या उजेडाच्या हिशेबाने चित्र गडद करतो आणि चेहरा काळवंडतो. म्हणून पडद्यावर चेहऱ्यावर बोट दाबून धरा, एक्स्पोजर (उजेडाचं माप) लॉक करा. चित्रात भिंत थोडी जळली, म्हणजे नुसती पांढरी दिसली, तरी चालेल.

आणि "परत एकदा गल्लीतून चालत ये" हे शक्यतो टाळा. दुसऱ्या खेपेला तो चालत येतो, तिसऱ्या खेपेला चालण्याचा अभिनय करतो.

प्रश्न: दहा बाय दहाच्या पत्र्याच्या खोलीत शूटिंग करायचं आहे. आवाज घुमतो, ट्यूबलाइटखाली चित्रात पट्टे येतात, आणि शेजारी कायम डीजे. उपाय सांगा. (वडाळा गाव)

उत्तर: पट्ट्यांचं कारण वीज आहे. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. फोन मात्र बहुधा सेकंदाला ३० चित्रं टिपतो, आणि ट्यूबच्या लुकलुकण्याशी त्याचा मेळ बसत नाही. सेटिंगमध्ये सेकंदाला २५ चित्रं आणि शटर १/५०, म्हणजे सेकंदाचा पन्नासावा भाग, ठेवा. तुमच्या फोनमध्ये ही सोय नसेल तर शटर हाताने बदलता येईल असं कॅमेरा अॅप घ्या. त्याहून सोपं म्हणजे ट्यूब बंद करून दाराच्या उजेडावर काम करा. माणसाला दाराकडे पाठ करून बसवलंत तर नुसती काळी आकृती मिळेल. दार त्याच्या एका बाजूला येऊ द्या. खोली लहान म्हणून ०.५ चं रुंद भिंग लावण्याचा मोह होतो, पण त्यात नाक मोठं होतं आणि कडेची माणसं ताणली जातात. १ चं भिंग ठेवून तुम्हीच उंबऱ्याबाहेर सरका.

आवाजासाठी कॉलर माइक हनुवटीखाली साधारण वीतभर. नायलॉनच्या ओढणीवर किंवा गळ्यातल्या माळेजवळ लावलात तर प्रत्येक हालचालीला खरखर येईल. खोली घुमते ती पत्रा, फरशी आणि भिंती कोऱ्या असल्यामुळे. कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला दोरीवर दोन गोधड्या टांगा, खाली सतरंजी टाका, फरक लगेच ऐकू येईल. पंखा आणि फ्रिज बंद करा, पण फ्रिज पुन्हा सुरू करायची जबाबदारी एका माणसावर नाव घेऊन टाका. दुसऱ्याच्या घरातलं दूध नासवून आपण निघून जायचं, हे बरं नाही. निघण्यापूर्वी खोलीतली नुसती शांतता ६० सेकंद रेकॉर्ड करा. संकलनात दोन वाक्यांमधला सांधा भरायला तीच लागते.

पावसाळ्यात पत्र्याखाली मुलाखत ठरवू नका. सर आली की ताशा वाजतो. एप्रिल-मे मध्ये दुपारी पत्रा तापतो आणि फोन गरम होऊन बंद पडतो. तेव्हा सकाळी साडेआठच्या आत काम उरकावं, मात्र नळाला पाणी यायची वेळ सोडून.

डीजेचं दुखणं दुहेरी आहे. मागे गाणं सुरू असताना घेतलेलं बोलणं मध्ये कापलं की गाण्याची उडी ऐकू येते. आणि ते गाणं कुणाच्या तरी मालकीचं असतं. नुसतं मागे वाजत होतं, हा बचाव यूट्यूबच्या यंत्रणेपुढे टिकत नाही, टीव्हीवाले तर परवान्याचा कागदच मागतात. शेजाऱ्याला जाऊन विनंती करा. वस्तीत ती बहुतेक वेळा मान्य होते.

साठवणीचा हिशेब आधीच करा. फोनवर फोर-के मध्ये तासाला साधारण २० ते २५ जीबी लागतात, फुल एचडीला आठ-दहा. रोज रात्री दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर प्रती आणि त्यांतली एक दुसऱ्या घरी. तोवर कार्ड पुसायचं नाही.

प्रश्न: माझा मुलगा बारा वर्षांचा. एका माहितीपटात त्याला घेणार आहेत, पैसेही देणार म्हणतात. काही नियम आहेत का? (नाशिकरोड)

उत्तर: आहेत, आणि ते कडक आहेत. चौदा वर्षांखालच्या मुलांना दृकश्राव्य निर्मितीत घ्यायचं तर बालकामगार कायद्याखालच्या नियमांप्रमाणे निर्मात्याने आधी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची असते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त नाही. मिळालेल्या पैशातला किमान २० टक्के भाग मुलाच्या नावे बँकेत मुदत ठेव म्हणून जमा करावा लागतो. "माहितीपटच तर आहे, याला काही लागत नाही" असं कुणी म्हणालं, तर तेच लेखी द्यायला सांगा.

शूटिंग चालू असताना तुम्ही किंवा घरातलं कुणी मोठं माणूस हजर असायलाच हवं. घरातली भांडणं, बापाचं पिणं, कर्ज यांबद्दल मुलाला कॅमेऱ्यासमोर विचारणार नाही, हे आधीच कबूल करून घ्या. बारा वर्षांचं मूल खरं सांगून टाकतं, आणि दुसऱ्या दिवशी शाळेत त्यालाच ते ऐकावं लागतं.

प्रश्न: माहितीपटात दिसणाऱ्यांना पैसे द्यावेत की नाही? आमच्या गटात दोन तट पडले आहेत. (कॉलेज रोड)

उत्तर: द्यावेत. न देण्याच्या बाजूचा मुद्दा असा की पैसे मिळणार म्हटल्यावर माणूस दुःख वाढवून सांगेल. ही भीती खोटी नाही, पण त्यावर उपाय आहे: पैसे वेळेचे द्या, बोलण्याचे देऊ नका. रक्कम पहिल्याच दिवशी ठरवा, सगळ्यांना सारखी ठेवा, आणि तो काय बोलला याच्याशी तिचा संबंध नाही हे स्पष्ट सांगा. रक्कम कशी ठरवायची? ज्याचा रोज बुडतो त्याला त्याचा रोज. द्राक्षाच्या हंगामात पेठ-सुरगाण्याकडून मजुरीला आलेल्या पोराचा एक दिवस तुम्ही घेतलात, तर त्याच्या घरी त्या दिवसाचा किराणा येत नाही. शिकणाऱ्या मुलाला तेवढाच. जेवण आणि रिक्षाभाडं वेगळं. पैसे दिवस संपताना हातात द्या, वहीत सही घ्या.

"नाव होईल तुमचं" हा मोबदला नाही. पुढे माहितीपट विकला गेला किंवा पुरस्काराची रक्कम आली तर वाटा किती, हे संमतीपत्रातच आकड्यात लिहून टाका. तेव्हा कुणाच्या हातात काही नसतं, म्हणून भांडणही होत नाही.

प्रश्न: एका मुलावर बाल न्याय मंडळात प्रकरण चालू आहे. तो स्वतः बोलायला तयार आहे. चेहरा धूसर केला तर चालेल ना? (पंचवटी)

उत्तर: त्याची तयारी इथे पुरत नाही. २०१५ च्या बाल न्याय कायद्याच्या ७४ व्या कलमाने अशा मुलाचं नाव, पत्ता, शाळा, चित्र, ओळख पटेल असं काहीही प्रसिद्ध करायला बंदी आहे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. लैंगिक अत्याचाराला बळी पडलेल्या मुलांसाठी पोक्सो कायद्याचं २३ वं कलम तसंच आहे आणि त्यात शेजारपाजारचाही उल्लेख येतो. म्हणजे गल्लीचं नाव सांगितलं तरी नियम मोडला.

धूसर चेहऱ्यावर फार विसंबू नका. वस्तीतली माणसं एकमेकांना चेहऱ्याने कमी आणि चालीने, आवाजाने, शर्टाने जास्त ओळखतात. दारावर रंगवलेला घर क्रमांक, मागच्या मंडळाचा फलक, हातावरचं गोंदण, गाडीचा नंबर, शाळेचा बिल्ला, मध्येच आईने मारलेली हाक, यांतल्या कशानेही ओळख फुटते. आवाज नुसता जाड किंवा बारीक केलेला असेल तर तो पुन्हा मूळ पट्टीत आणता येतो. म्हणून मजकूर तोच ठेवून आवाज दुसऱ्या माणसाचा वापरा आणि तसं पडद्यावर लिहा. चित्र मुळात टिपतानाच ओळख पटणार नाही असं टिपा: वस्तीबाहेरची जागा, दुसऱ्याचे कपडे, फक्त भिंत किंवा सावली. स्पष्ट चेहऱ्याचं फुटेज डिस्कवर पडून राहिलं तर ते कधी ना कधी कुणाच्या तरी हाती लागतं. शूटिंगच्या आधी फोनमधली जागेची नोंद बंद करा, नाहीतर प्रत्येक फाइलमध्ये ठिकाण लिहिलं जातं.

प्रकरण चालू असताना मुलाने कॅमेऱ्यासमोर काय सांगितलं, हा कायद्याच्या दृष्टीने नाजूक भाग आहे. त्याच्या वकिलांना विचारल्याशिवाय कॅमेरा उघडू नका.

प्रश्न: मी वीस वर्षांचा आहे. दोन वर्षांपूर्वी एका माहितीपटात भावाच्या व्यसनाबद्दल बोललो होतो. माहितीपट चांगला होता. पण आता त्यातला ४० सेकंदांचा तुकडा कुणीतरी वेगळा काढून फिरवला आहे. खाली जातीवरून शिव्या आहेत. कामावरही लोक विचारतात. काय करता येईल? (अंबड लिंक रोड)

उत्तर: तुम्ही बोललात यात तुमची काहीच चूक नाही, हे आधी सांगतो. आता क्रमाने.

काहीही काढायला लावण्याआधी पुरावा धरून ठेवा. तुकड्याची लिंक, टाकणाऱ्याच्या खात्याचं नाव, तारीख आणि वेळ दिसेल असे स्क्रीनशॉट, प्रत्येक शिवीगाळीच्या कमेंटचा वेगळा. लोक घाईने रिपोर्ट करतात, तुकडा जातो आणि त्याबरोबर पुरावाही जातो.

मग दिग्दर्शकाला लेखी कळवा, व्हॉट्सअॅपवर चालेल. तुकडा मूळ माहितीपटातला असल्याने त्याचा हक्क बहुधा निर्मात्याकडे असतो, आणि कॉपीराइटची तक्रार तो करू शकतो. ती लवकर लागू पडते. तुम्ही स्वतः गोपनीयतेची तक्रार करा. यूट्यूबवर ती ज्याचा चेहरा किंवा आवाज आहे त्यानेच करायची असते, आणि तुम्ही नेमके कितव्या सेकंदाला दिसता ते द्यावं लागतं. इथे बऱ्याच तक्रारी वेळ न लिहिल्यामुळे अडकतात. २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार अशा प्रत्येक मंचाला तक्रार निवारण अधिकाऱ्याचं नाव जाहीर करावं लागतं. त्यालाही लिहा.

जातीवाचक शिवीगाळ हा वेगळा आणि गंभीर मामला आहे. तुम्ही अनुसूचित जाती-जमातीतले असाल तर लोकांसमोर जातीवरून केलेली शिवीगाळ १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे. सायबर तक्रारीसाठी १९३० हा राष्ट्रीय हेल्पलाइन क्रमांक आहे, पण स्क्रीनशॉट घेऊन पोलीस ठाण्यात लेखी तक्रार देणं आणि त्याची पोच घेणं हे करायलाच हवं. एकटे जाऊ नका.

मूळ माहितीपटातूनही तो भाग काढायचा असेल तर तसं मागा. ऑनलाइन प्रत बदलता येते, फक्त दिग्दर्शकाची तयारी हवी. १९६४ साली ब्रिटिश टीव्हीवर 'सेव्हन अप' मध्ये सात वर्षांच्या १४ मुलांचं चित्रण झालं आणि पुढे दर सात वर्षांनी तीच माणसं पुन्हा दाखवली गेली. मोठी झाल्यावर त्यांतल्या काहींनी यायला नकार दिला, आणि माहितीपट त्यांच्याशिवाय पुढे गेले. एकदा दिलेला होकार जन्मभराचा मानायचं काही कारण नाही.

आणि दिग्दर्शकांसाठी: यूट्यूबवर कमेंट बंद करायची सोय आहे. तरुण मुलांचं खाजगी बोलणं असलेल्या माहितीपटाला कमेंट पहिल्या दिवसापासून बंदच ठेवा.

प्रश्न: आमचा माहितीपट जवळजवळ तयार आहे. आधी वस्तीत दाखवावा की महोत्सवाला पाठवावा? दाखवायचा तर कसा? वरून घेतलेलं वस्तीचं एक दृश्य हवं आहे, तेही राहिलं आहे. (सिडको)

उत्तर: आधी वस्तीत, आणि तेही दोनदा.

पहिला खेळ फक्त जे दिसतात त्यांच्यासाठी, कच्च्या संकलनाचा. आठ-दहा माणसं, एखाद्या घरात, लॅपटॉपवर. मुलींच्या आया बोलवाच. बघताना कागद-पेन घेऊन बाजूला बसा आणि पडद्याऐवजी माणसांकडे बघा. कोण कुठे मान खाली घालतो ते वेळेसकट लिहून घ्या. चर्चेत तो म्हणेल "छान आहे, काही नाही". पण बाराव्या मिनिटाला त्याने नजर का वळवली, ते दुसऱ्या दिवशी एकट्याला विचारा. चारचौघांत हरकत घेणं सोपं नसतं, आणि घरातल्यांसमोर तर नाहीच. जाँ रूश आणि एदगार मोरँ या फ्रेंच दिग्दर्शकांनी १९६१ च्या पॅरिसवरच्या माहितीपटात माणसांना त्यांचंच चित्रण दाखवलं आणि त्यावर त्यांनी केलेला वादही माहितीपटातच ठेवला. हे धाडस तुम्हीही करू शकता. "हे आमच्यासारखं नाही" असं कुणी म्हणालं, तर ते वाक्यही चित्रित करण्यासारखं असतं.

या वेळी एक मोजणी करा. नाली, कचरा, उघडा नळ, बिनचपलेचे पाय, अशी दृश्यं किती सेकंद आहेत? आणि तीच मुलं काहीतरी नीट जमवताना किती सेकंद दिसतात? आपल्याच जिल्ह्यातल्या मालेगावच्या, स्वतःचा सुपरमॅन सिनेमा करणाऱ्या तरुणांवर फैझा अहमद खान यांनी २००८ साली 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट केला. त्यातला सुपरमॅन यंत्रमागावर काम करणारा आहे, गरिबी प्रत्येक चौकटीत आहे, पण बघणाऱ्याचं लक्ष ती पोरं सिनेमा कसा जुळवतात याकडे लागतं. तुमच्या वस्तीतल्या एखाद्या आजोबांना २ मार्च १९३० ला सुरू झालेल्या काळाराम मंदिर सत्याग्रहाची गोष्ट आपल्या वडिलांकडून ऐकलेली आठवत असेल, तर नातवाला ती विचारू द्या. ती मिनिटं नालीच्या दृश्यापेक्षा वस्तीची जास्त ओळख देतात.

दुसरा खेळ सगळ्या वस्तीसाठी, संकलन पक्कं झाल्यावर. समाजमंदिर मिळालं तर उत्तम. उघड्यावर असेल तर अंधार पडल्यानंतरच, कारण त्याआधी ३००० ल्युमेन्सचा प्रोजेक्टरही फिका पडतो. आठ बाय सहा फुटांचं पांढरं जाड कापड वर-खाली काठी लावून ताणा. सुरकुती चेहऱ्यावर येते. पातळ धोतराच्या कापडातून निम्मा उजेड मागे निघून जातो. स्पीकर पडद्याजवळच हवेत, प्रोजेक्टरपाशी ठेवले तर बोलणं पाठीमागून येतं. बायकांसाठी पुढची जागा धरून ठेवा, नाहीतर त्या दारातूनच बघतात. मैदानात ध्वनिक्षेपक लावायचा तर पोलीस ठाण्याची परवानगी लागते, आणि रात्री दहाला आवाज बंद. मागच्या रांगेतली पोरं पडद्यावरच्या मित्राला हसतात, त्याची त्याला आदल्या दिवशीच कल्पना द्या. त्या क्षणी त्याच्या शेजारी तुमच्यापैकी कुणीतरी बसलेलं असू द्या.

महोत्सवासाठी प्रमाणपत्राची वेगळी सवलत असते, ती आयोजक घेतात. थिएटरात तिकीट लावून दाखवायचा झाला तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं.

वरच्या दृश्याचं म्हणाल तर नाशकात ड्रोन उडवण्याआधी डिजिटल स्काय हा ड्रोनसाठीचा सरकारी नकाशा बघाच. देवळालीचा तोफखान्याचा परिसर, नाशिकरोडचे नोट आणि सिक्युरिटी प्रेस, ओझरचा विमानतळ यांमुळे शहराच्या बऱ्याच भागावर बंधनं आहेत. २५० ग्रॅमच्या आतल्या ड्रोनला उडवणाऱ्याचा परवाना लागत नाही, पण नकाशावरच्या लाल, म्हणजे बंदीच्या, क्षेत्रात तोही चालत नाही. त्यात ड्रोनला बायकांची उघड्यावरची न्हाणीघरं आणि गच्चीवरची झोपलेली माणसं दिसतात. टेकाडावरून किंवा शेजारच्या इमारतीच्या गच्चीवरून, घरमालकाला विचारून, संध्याकाळी दिवे लागताना ट्रायपॉडवर घेतलेलं दृश्य तुमचं काम भागवेल.

खेळ झाल्यावर प्रत्येक दिसणाऱ्याला माहितीपटाची प्रत पेनड्राइव्हवर द्या, सोबत त्याचे चार-पाच चांगले फोटो छापून. पेनड्राइव्ह हरवतो, फोटो घरात भिंतीवर लागतो.